तारेवरचा बुलबुल

३ फेब्रुवारी

बोरू,

अक्षर ओळखलंच असशील. पाकीट तसंच बाजूला टाकू नकोस, कामाचं पत्र आहे.

तुझा पत्ता संग्रहालयाच्या कचेरीतून मिळवला. फोनवरच्या बाईंनी माझी उलटतपासणीच घेतली. शेवटी म्हटलं, अहो, मी त्यांची सख्खी मोठी बहीण. तर म्हणतात कशा, "त्यांना बहीण आहे? कधी बोलले नाहीत." बोलणं तुझ्या लहानपणापासून जिवावर येतं, हे मी त्यांना सांगत बसले नाही. तिथे काचेच्या कपाटांत पेंढा भरलेले प्राणी असतात आणि त्यांच्यामागची झाडं, डोंगर, आभाळ तू रंगवतोस, असं कळलं. चांगलं काम आहे. कुणाशी बोलावं लागत नाही.

तर मुद्दा असा. आपल्या 'पाहुणं पिल्लू'ची नवी आवृत्ती निघतेय. जुने प्रकाशक गेले, आता त्यांची धाकटी मुलगी सगळं बघते. ती म्हणते, हे पुस्तक वाचून मोठी झालेली माणसं आता आपल्या मुलांसाठी ते शोधत येतात. छपाई पार पुसट झालीय, म्हणून मूळ चित्रं नव्याने स्कॅन करायची आहेत. चित्रं माझ्याकडे असली तरी ती तुझी. तुझ्या सहीशिवाय तिला छापता येत नाहीत. सोबत फॉर्म आहे. फुली मारलीय तिथे सही कर आणि पाठव. परतीच्या पाकिटावर तिकीट लावलंय, म्हणजे तेही कारण नको.

गोष्ट विसरला असशील तर आठवण देते. वादळानंतर एका मुलीला कुंपणाखाली बुलबुलाचं पिल्लू सापडतं. त्याला कुणी नसतं. ती त्याला घरी आणते, बुटांच्या खोक्यात कापूस घालून ठेवते, दुधात भिजवलेला पाव भरवते. ते मोठं होतं, उडतं, आणि रोज संध्याकाळी तिच्याच खांद्यावर परत येतं. "ज्याला कुणी नाही, त्याला आपलं घर आहे," हे शेवटचं वाक्य. शाळाशाळांतून पोरांनी पाठ केलं होतं ते.

मी बरी आहे. शाळेतून निवृत्त होऊन नऊ वर्षं झाली. घर तेच, तिसरा मजला, रस्त्याकडची खोली. पडदे धुवायला काढलेत, त्यामुळे समोरचा बसथांबा दिवसभर डोळ्यांसमोर असतो. ठकी लग्न होऊन लांब गेली. तुझी लेक म्हणून कळवते, ती सुखात आहे. तिला पाच वर्षांची मुलगी आहे. हे आधीच कळवायला हवं होतं, मान्य.

सही लवकर पाठव.

ताई


२५ फेब्रुवारी

बोरू,

तीन आठवडे झाले. टपाल गहाळ झालं म्हणावं तर दारात येणारी बाकी सगळी बिनकामाची पत्रं वेळेवर येतात.

तुझ्या सहीची वाट न बघता मी चित्रं काढून ठेवली. माळ्यावरच्या पत्र्याच्या पेटीत होती, खाकी कागदात गुंडाळलेली. मांडीवर ठेवून एकेक उलगडलं. रंग अजून ताजे आहेत रे. खोक्यातलं पिल्लू बघून मी एकटीच मोठ्याने "अगंबाई" म्हणाले. घरात ऐकायला कुणी नाही, त्यामुळे हल्ली मी मोठ्यानेच बोलते. परवा चुकीचा फोन आला, कुणाला पलंग दुरुस्त करून हवा होता. मी दहा मिनिटं त्या पलंगाची चौकशी केली. कुठला पाय मोडला, कसा मोडला, सगळं. माणूस भला होता, त्याने सांगितलंही.

पण एक सांगायचं आहे. ते कुंपणाजवळचं चित्र, मुलगी वाकून पिल्लू उचलते ते. त्याच्या वरच्या कोपऱ्यात मी पांढऱ्या रंगाचा हात दिला होता, तुला माहीत आहे. पांढऱ्यात थोडा निळा मिसळून आभाळ जुळवलं होतं. तर तो रंग पोपडे धरून सुटलाय. आधी शेपूट दिसली. खालचा तो लाल ठिपका. मी बोटाने हलकंच पुसलं तर आणखी पापुद्रा निघाला आणि तार दिसली, तारेवरचे पाय दिसले. मग मी हात आवरला.

प्रकाशकांची मुलगी म्हणते, स्कॅन करताना हे सगळं उठून दिसेल, इथे काय होतं? मी म्हटलं, काही नाही, चित्रकाराची चूक होती.

बोरू, त्या वेळी मी तेच मानत होते. मजकुरात लिहिलंय पिल्लाला कुणी नाही, आणि तू वर तारेवर चोचीत अळी धरलेला पक्षी काढून ठेवलास! कुठल्याही पोराने विचारलं असतं, अहो, ती बघा त्याची आई. मी तुला सांगितलं, ती आई काढून टाक. तू म्हणालास, "आई कशावरून? बुलबुलांत नर-मादी सारखेच दिसतात. बापही भरवतो." एवढंच बोललास आणि छापखान्यातून निघून गेलास. छपाईला दोन दिवस होते. मग मीच ब्रश उचलला.

शाळेत तीस वर्षं पोरांची वाक्यं दुरुस्त केली मी. चित्र आणि मजकूर जुळत नसले की माझा हात आपोआप चालतो.

फॉर्म हरवला असेल म्हणून दुसरा पाठवते.

ताई


१४ मार्च

बोरू,

मिळालं तुझं पाकीट. धन्य आहेस.

पंचवीस वर्षांनी भावाचं पत्र येतं, आणि त्यात काय, तर सही आणि तिच्याखाली एक ओळ. "पक्ष्यासकट छापणार असशील तर." ना प्रिय, ना ताई, ना तुझा. शाईचा खर्च तरी किती वाचवलास.

माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. पत्र घेऊन मी खालच्या मजल्यापर्यंत गेले, कुणाला तरी दाखवावं म्हणून. मग दारावरची घंटा न वाजवताच परत आले, कारण दाखवून सांगणार काय?

तुला कळतंय का तू काय मागतोयस? तारेवर तो पक्षी असला तर माझी सगळी गोष्ट आडवी होते. पिल्लू हरवलेलं नाही. त्याला कुणीतरी आहे, वर बसलंय, चोचीत खाऊ घेऊन बसलंय, आणि खाली माणूस हलत नाही म्हणून उतरू शकत नाही. मग माझी मुलगी कोण झाली? दयाळू झाली का? चोर झाली! साध्या शब्दांत सांगायचं तर पोर पळवणारी झाली. लहान मुलांच्या पुस्तकात हे छापू मी?

लिहून टाकलं आणि आता वर वाचते आहे.

चहा करून आले. पत्र फाडणार होते, पण जाऊ दे, राहू दे.

प्रकाशकांच्या मुलीला मी सांगितलंय की जरा थांब. ती घाई करत नाहीये. घाई कुणालाच नाहीये, हाच तर प्रश्न आहे. सकाळी आठला माझं सगळं आवरून झालेलं असतं आणि रात्रीपर्यंत कुणाला माझी गरज पडत नाही.

ताई


९ एप्रिल

बोरू,

या वेळी फॉर्म नाही, काम नाही. नुसतंच लिहिते आहे.

चित्रांच्या पेटीखाली दुसरी एक पेटी आहे. तिच्यात मुलांची पत्रं आहेत, पुस्तक निघाल्यापासूनची. बहुतेक तीच ती. "मला तुमची गोष्ट फार आवडली, मी चौथीत आहे." काहींनी चित्रं काढून पाठवली, त्यातला बुलबुल कधी बदकासारखा, कधी विमानासारखा. मी सगळ्यांना उत्तरं लिहिली, एकही सोडलं नाही.

पण एक गठ्ठा वेगळा आहे, दोऱ्याने बांधलेला. पहिलं पत्र पुस्तक निघाल्यावर दोन महिन्यांनी आलं. "आम्हाला बागेत पिल्लू मिळालं. मी त्याला खोक्यात ठेवलं आणि दूध-पाव दिला. ते दुसऱ्या दिवशी मेलं. पुस्तकातलं का नाही मेलं?" मला वाटलं, एखादं मरायचंच. मग दुसरं आलं. मग दर वर्षी त्या दिवसांत येत राहिली. कुणाचं साळुंकीचं पिल्लू, कुणाचं चिमणीचं, कुणाचं कशाचं तेही माहीत नाही. सगळ्यांनी खोकं, कापूस, दूध-पाव, अगदी पुस्तकात आहे तस्सं.

दुसऱ्या वर्षी मी गुरांच्या डॉक्टरांकडे गेले. ते म्हणाले, "बाई, पक्ष्याला दूध पचत नाही. आणि अशी पिल्लं पडलेली नसतातच. घरटं सोडल्यावर चार-पाच दिवस ती जमिनीवरच उड्या मारतात, आईबाप जवळ बसून भरवतात. तुम्ही लांब झालात की ते खाली येतात. लोक उचलून नेतात आणि मारतात." मी म्हटलं, कोण लोक? म्हणाले, "कुठलंसं पुस्तक आलंय म्हणे."

मी मान डोलावली आणि घरी आले.

बोरू, मला तेवीस वर्षं हे माहीत आहे. पुस्तक तीनदा पुन्हा छापलं. प्रत्येक वेळी एक ओळ बदलता आली असती. त्या मुलांना मी काय लिहिलं माहितेय? "तुझं पिल्लू आभाळात उडायला गेलं. तू त्याच्यावर माया केलीस, हे महत्त्वाचं." गठ्ठ्यातल्या प्रत्येकाला हेच. एका मुलीने उलट पत्र लिहिलं. आठ वर्षांची असेल, रेघ सोडून जाणारं अक्षर. ती म्हणते, "मी सगळं तुमच्या पुस्तकासारखं केलं. मी काही चुकले नाही. तुम्ही कुठे चुकलात?"

त्या एकाच पत्राचं उत्तर मी दिलेलं नाही.

का नाही बदलली ओळ, विचारशील. ओळ बदलली असती तर गोष्ट बदलावी लागली असती. आणि ती गोष्ट ठकीला झोपताना रोज लागायची. खोकं कुठलं, पिल्लू कुठलं, सगळं तिला कळत होतं. "मी पण पाहुणं पिल्लू ना गं आत्या?" असं म्हणून ती माझ्या कुशीत शिरायची. तिला मी काय सांगणार होते, की वर तारेवर बघ?

ताई


२१ मे

बोरू,

आज दुपारी ठकीचा फोन आला. ती रविवारी करते आणि आज मंगळवार, म्हणून मी आधी घाबरलेच.

"आत्या, आपलं पुस्तक आठवतंय ना? अगं, हिला खाली गाड्या लावतात तिथे पिल्लू मिळालंय. बुलबुलाचंच वाटतंय. हिने खोकं केलंय, मी दूध-पाव केलाय, पण ते चोच उघडत नाही. चमच्याने घालू का?"

मागून पोरीचा आवाज येत होता, "आजीला विचार! आजीने लिहिलंय ना, आजीला माहीत असणार!"

क्षणभर वाटलं, म्हणावं, घाल चमच्याने. उद्या मेलं की लिहिलेलं उत्तर तोंडपाठ आहेच.

मी म्हटलं, "ठकी, काही घालू नकोस. खोकं उचल आणि होतं तिथे नेऊन ठेव."

"तिथे? मांजरं असतात गं तिथे."

"मग जवळच्या झुडपात, जरा उंचावर ठेव. आणि तुम्ही दोघी लांब जा. अगदी लांब. भिंतीआड. तिथून बघा."

"पण आम्ही हातात घेतलंय त्याला. माणसाचा हात लागला की पक्षी पिल्लाला परत घेत नाहीत ना?"

"घेतात," मी म्हटलं. "हे नुसतं माणसं म्हणतात. ते घेतात."

हे तूच सांगितलं होतंस मला. माझ्या दारात, उंबऱ्याच्या बाहेर उभा राहून. तेव्हा बोलणं पक्ष्यांचं नव्हतं.

आता लिहूनच टाकते, नाहीतर पुन्हा शाईचा रंग चांगला आहे वगैरे लिहीत बसेन.

ठकीची आई गेली तेव्हा ठकी तीन वर्षांची होती. तू अंथरुणाला खिळल्यासारखा झालास. एकदा पोर बालवाडीच्या पायरीवर संध्याकाळपर्यंत बसून राहिली, तू आणायला विसरलास. तेव्हा मी तिला घेऊन आले. चार दिवसांसाठी म्हणाले होते. त्यात माझं काही चुकलं नाही, आजही म्हणते. तेव्हा तिला खरंच कुणी नव्हतं.

पण तू सहा महिन्यांत उठलास. दाढी वाढलेली, गालफडं बसलेली, पण उठलास. तिच्यासाठी खोली रंगवलीस, भिंतीवर झाडं काढलीस, आणि तिला न्यायला आलास. मी दार अर्धंच उघडलं. म्हटलं, आत्ता कुठे रुळतेय ती. तुला बघितलं की रात्र रात्र रडेल. आता तिला माझी सवय झाली, तुझ्याकडे यायची नाही. थोडे दिवस लांब राहा. तू म्हणालास, "ताई, हात लागला म्हणून पिल्लू परकं होत नाही." आणि तरी ऐकलंस माझं. तू नेहमीच ऐकायचास. मोठी बहीण म्हणून माझ्या शब्दाला तू जी किंमत दिलीस, तिचं मी काय केलं बघ.

मग दर गुरुवारी शाळेची गाडी यायच्या वेळी तू समोरच्या बसथांब्यावर यायचास. दर काही महिन्यांनी हातात बुटांचं नवं खोकं असायचं. गाडी आली, ठकी उतरली, दप्तर ओढत जिन्याकडे गेली, की तू आणलेलं खोकं खाली पहारेकऱ्याजवळ ठेवून जायचास. मी वरून बघायचे आणि पडदा ओढायचे. तीन वर्षं. ते बूट मी तिला दिले, पण "मी आणले" म्हणून दिले. नेहमी एक नंबर मोठे असायचे. मी पुढे कापूस कोंबायचे आणि मनात म्हणायचे, बापाला पोरीचं मापसुद्धा माहीत नाही.

तिला सांगितलं, बाबा लांब कामाला गेलेत. तुझे फोटो पेटीत घातले. पुस्तक निघालं, तू दुकानात जाऊन पान उघडलंस, तारेवर कुणी नाही हे बघितलंस, आणि त्या गुरुवारपासून आला नाहीस. मग तू खरोखरच लांब गेलास. माझं खोटं तेव्हा खरं झालं आणि मला, लाज वाटते लिहायला, सुटल्यासारखं वाटलं.

का केलं, तर मला ती हवी होती. दुसरं काही नाही. पस्तिशी उलटली होती, दिवसभर दुसऱ्यांची पोरं आणि संध्याकाळी कुलूप. ती आली आणि कुणीतरी आतून दार उघडायला लागलं.

साडेपाचला ठकीचा पुन्हा फोन आला. ती कुजबुजत होती, जणू अजून भिंतीआडच आहे. "आत्या, आले! दोघं आले! एक पहारा करतंय, एक भरवतंय. अगं, सगळा वेळ ते वरच होते. आम्ही उभ्या होतो म्हणून उतरत नव्हते." पोर हसत होती. मग ठकी तिच्या नेहमीच्या सरळ आवाजात म्हणाली, "आत्या, हे तुला माहीत होतं तर पुस्तकात तसं का लिहिलंस?"

मी म्हटलं, गॅसवर दूध आहे, नंतर बोलते.

गॅसवर काही नव्हतं.

ताई


२ जून

बोरू,

सांगितलं मी तिला.

फोनवर सांगायचं नव्हतं, पण गाडीने जाऊन तिच्या दारात उभं राहायचं धैर्य नव्हतं. आज रविवार, तिचा फोन आला आणि मी सुरुवात केली ती थांबलेच नाही. चित्र सांगितलं, पांढरा रंग सांगितला, गुरुवार सांगितले, बूट सांगितले. तुझं काम, तुझं गाव, सगळं. ती मध्ये एकदाच बोलली.

"तो उंच, दाढीवाला माणूस?"

"तुला आठवतो?"

"मला वाटायचं, बससाठी थांबलाय. इतक्या बसेस यायच्या आणि तो एकीतही चढायचा नाही. मला त्याचं हसू यायचं, आत्या. मी एकदा त्याला वेडावून दाखवलं होतं. त्यानेही मला वेडावून दाखवलं."

मग फोन बंद झाला. तिने ठेवला की तुटला, मला कळलं नाही.

ताई


१६ जून

बोरू,

ठकीचा फोन नाही. दोन रविवार गेले. मी करत नाही. केला आणि तिने उचलला नाही तर काय करू, म्हणून करत नाही.

या दिवसांत गोष्ट नव्याने लिहून काढली. आता मुलगी पिल्लू उचलते, घरी नेते, खोकं करते, सगळं पहिल्यासारखंच. ते मी काढलं नाही, कारण मुलं ते करणारच आणि त्यात वाईट काही नाही. पण मग ती खिडकीतून बाहेर बघते आणि तारेवर तिला पक्षी दिसतो. ती खोकं घेऊन खाली जाते, झुडपात ठेवते, आणि मागे सरकते. तो पक्षी उतरत नाही. ती आणखी मागे सरकते. शेवटी रस्त्यापलीकडे जाऊन उभी राहते, इतकी लांब की तिला पिल्लू दिसतही नाही. मग तो उतरतो. तिथे गोष्ट संपते. शेवटचं वाक्य काढून टाकलं. ते पाठ केलेली माणसं मला शिव्या घालतील, घालू देत.

प्रकाशकांच्या मुलीला तुझा बुलबुल मोकळा करून दिला. त्यांच्याकडच्या एका म्हाताऱ्या कारागिराने ओल्या कापसाने उरलेला पांढरा रंग काढला. तू अळीसुद्धा किती निगुतीने काढली होतीस! तिला मी पूर्वी नीट बघितलंच नव्हतं.

आणि त्या रेघ सोडून लिहिणाऱ्या मुलीला उत्तर लिहिलं. ती आता बत्तीस-तेहतीस वर्षांची असेल, पत्ता बदलला असेल, तरी टाकलं टपालपेटीत. "तू चुकली नव्हतीस. मी चुकले. वर बघ म्हणून सांगायला हवं होतं." सुटल्यासारखं वाटेल असं वाटलं होतं. तसं काही झालं नाही.

ताई


२४ जून

बोरू,

काल ठकीचा फोन आला. तीन आठवड्यांनी. आवाज कोरडा होता. "त्यांचा पत्ता दे," एवढंच म्हणाली. 'बाबांचा' म्हणाली नाही, पण 'त्यांचा' म्हणाली. मी पत्ता दिला. तिने लिहून घेतला, परत वाचून दाखवला, मी पिन कोड दुरुस्त केला. शेवटपर्यंत मास्तरीणच मी.

मग म्हणाली, "येत्या गुरुवारी मी हिला घेऊन जातेय. संग्रहालय बघायचं म्हणून. तू मध्ये असायची नाहीस."

मी म्हटलं, "नाही असणार."

"आणि तुझ्याशी मी कधी बोलेन ते मला माहीत नाही, आत्या."

"बरं," मी म्हटलं.

ती फोन ठेवेल म्हणून मी थांबले, पण तिने ठेवला नाही. मागे तिची पोर कसलंसं गाणं म्हणत होती. मग ठेवला तिने.

म्हणजे हे पत्र तुला गुरुवारच्या आत मिळायला हवं. जवळच्या पेटीत न टाकता मोठ्या टपाल कचेरीत जाऊन देणार आहे. तू घाबरशील, तुला मी ओळखते. कपाटामागे रंगाचा डबा घेऊन लपू नकोस. ती उंच आहे, तुझ्यासारखीच, गर्दीत लगेच दिसेल. रागात असली की उजवा पाय आपटते. आपटू दे. नातीला बुलबुल दाखव, तुमच्या कपाटात असेल तर. नसेल तर कपाटामागच्या झाडावर एक काढून दाखव.

मी यापुढे पत्र लिहिणार नाही. राग म्हणून नव्हे. मी लांब जाऊन उभी राहते आहे. पडदे धुऊन आले होते, पण मी ते पुन्हा लावले नाहीत. गुरुवारी संध्याकाळी समोरच्या थांब्याकडे बघत बसेन, तुम्ही तिघं कुठे असाल याचा अंदाज करत.

एक शेवटचं. ते एक नंबर मोठे बूट. मला पंचवीस वर्षं वाटत होतं की तुला पोरीचं माप कळत नाही. या महिन्यात कधीतरी भांडी घासताना अचानक लक्षात आलं. पुढचे बूट पोचवायला मी तुला येऊ देईन की नाही, हे तुला कधीच माहीत नसायचं. म्हणून तू जास्तीत जास्त दिवस पुरतील असे आणायचास.

ठकीचा नंबर आता पाच. नातीचा दहा, लहान मुलांतला. या वेळी अगदी मापाचेच घे. पुढचे तूच आणशील.

ताई